हळदीकुंकवाच्या वाणाला चॉकलेट-कॅरमल

ह्यूस्टन,
डिसेंबरचा दुसरा आठवडा

तीर्थरूप आई-बाबांस,
शिरसाष्टांग नमस्कार.

वहिनीचा निरोप मिळाला. यंदा संक्रांतीच्या हळदीकुंकवाला तिळगुळाबरोबर हातची चॉकलेटं वाटायची आणि ती मी मागच्या खेपेला आणली होती तशीच हवीत: आत भाजलेला सुकामेवा, त्याला धरून ठेवणारं मऊ कॅरमल आणि वरून चॉकलेट. कल्पना मला मनापासून आवडली. फोनवर सांगायला गेले तर निम्मं राहून जाईल, म्हणून सगळं लिहूनच काढते. वहिनीने वाचून झालं की आत्याला पुण्याला पाठवा, तिच्याही भिशीत याची चौकशी झाली होती.

आई, तुझ्या मनात पहिला प्रश्न कोणता येणार ते ठाऊक आहे. नाही, यात अंडं नाही, जिलेटिनही नाही. साखर, लिक्विड ग्लुकोज (म्हणजे दाट पाकासारखं ग्लुकोज), लोणी, क्रीम, सुकामेवा, चॉकलेट आणि थोडं मीठ, बस. चॉकलेटच्या वेष्टनावर हिरवा ठिपका तेवढा पाहून घ्यायचा, मग रामबागेतल्या काकूंनाही निःशंक देता येईल.

इकडे यात पेकन घालतात. अक्रोडाच्याच कुळातलं हे फळ, पण लांबट, आणि अक्रोडाच्या सालीचा कडवटपणा यात फार कमी. टेक्सासने १९१९ मध्ये पेकनला राज्यवृक्ष ठरवलं. ऑक्टोबर-नोव्हेंबरमध्ये कितीतरी घरांच्या परसात त्याचा सडा पडतो आणि शेजारीपाजारी पिशव्या भरून देतात. पाच अर्धुकं अशी मांडायची की चार पाय आणि एक डोकं होईल, वर कॅरमल, त्यावर चॉकलेटची पाठ, की झालं कासव. म्हणून दुकानात त्याला टर्टल म्हणतात. घरातल्या छोटीला मांडणीचं काम द्या, ते तिला छान जमेल आणि गॅसपासूनही ती लांब राहील.

तिकडे इंदुरात पेकन शोधत फिरू नका. सियागंजच्या बाजारातून चांगले काजू आणा. कॅरमलबरोबर मला खरं म्हणजे पेकनपेक्षाही भाजलेला काजू जास्त आवडतो, त्याची गोडी सौम्य आहे. अक्रोड घेतलेत तर भाजून गरम असतानाच पंच्यात चोळा, निम्मी साल सुटून येते. आणि शेंगदाणे अजिबात कमी लेखू नका. मंद आचेवर आतपर्यंत भाजलेला, सोललेला दाणा कॅरमलमध्ये फार सुंदर लागतो, आणि पन्नास बायकांना वाण द्यायचं म्हणजे खर्चाचाही विचार करायलाच हवा. काहीही घ्या, पण भाजल्याशिवाय घेऊ नका. कच्चा सुकामेवा कॅरमलमध्ये मऊ पडतो आणि चवीलाही फिका लागतो.

आता कॅरमल. चाळीसेक नगांचं माप देते: साखर २०० ग्रॅम, लिक्विड ग्लुकोज १५० ग्रॅम, क्रीमचा २५० मिलीचा एक डबा, बिनमिठाचं लोणी ९० ग्रॅम, अर्धा चमचा मीठ. इकडच्या कृतीत लोणी ६० ग्रॅमच असतं. पण इकडच्या घट्ट क्रीममध्ये स्निग्धांश निदान ३६ टक्के, आणि अमूलच्या फ्रेश क्रीममध्ये २५. ती कसर लोण्याने भरून काढली आहे. घरचं लोणी चालेल, मात्र त्यातलं ताक चांगलं धुऊन काढलेलं हवं. लिक्विड ग्लुकोज केकचं सामान विकणाऱ्या दुकानात मिळतं आणि त्याला पर्याय शोधू नका. पाक साखरू नये म्हणून तू गुलाबजामच्या पाकात लिंबू पिळतेस ना, तेच काम इथे ग्लुकोज करतं. इथे लिंबू पिळलं तर क्रीम फाटेल.

जाड बुडाचं, खोल पातेलं घे. मिश्रण आहे त्याच्या तिप्पट वर येतं, त्यामुळे छोट्या कढईचा मोह नको. आणि दुप्पट माप एकदम नको, दोन वेळा कर. साखर, ग्लुकोज, लोणी आणि निम्मं क्रीम एकत्र करून मंद आचेवर साखर पूर्ण विरघळू दे. पातेल्याच्या कडेला साखरेचे दाणे दिसले तर ओल्या ब्रशने खाली उतरव, कारण एवढेसे दाणेसुद्धा सगळा पाक रवाळ करायला पुरतात. मग उकळी आली की उरलेलं क्रीम कोमट करून धारेने सोड, उकळी मोडू द्यायची नाही. इथून पुढे उलथनं हातातून सोडायचं नाही.

बराच वेळ काही होतच नाही असं वाटेल. क्रीममधलं पाणी उडून जात असतं आणि ते असेपर्यंत तापमान फारसं चढत नाही. आच वाढवू नका. मग बुडबुडे मोठे, जड, आळशी होतात, रंग फिक्या बदामीवरून चहाकडे सरकतो आणि खवा भाजताना येतो तो वास सुटतो. दादा विचारेल की साखर करपायला तर १६० अंशांच्या आसपास जावं लागतं, मग हा रंग आला कुठून? दुधातली प्रथिनं आणि दुधातलीच साखर तापून एकमेकांशी जोडली जातात, त्याचा हा रंग आणि हा वास. फ्रान्सच्या लुई-कामिय मेयार यांनी १९१२ मध्ये ही क्रिया मांडली, त्यांच्याच नावाने ती ओळखतात. आपली जळगावची मावशी पेढ्यांसाठी खवा तांबूस करते, त्यात हेच घडत असतं.

शेवटची दोन-चार मिनिटं महत्त्वाची, आणि आई, यासाठीच मुख्यतः हे पत्र आहे. इकडच्या कृतीत लिहिलेलं असतं: थर्मामीटर ११८ अंशांवर आला की उतरवा. दादा लगेच ऑनलाइन थर्मामीटर मागवायला निघालाय, असं वहिनी म्हणाली. पण हा आकडा समुद्रसपाटीचा आहे. ह्यूस्टन जवळजवळ समुद्रसपाटीलाच आहे, इंदूर सुमारे ५५० मीटर उंचीवर. तिथे हवेचा दाब कमी, म्हणून पाणी १०० ऐवजी साधारण ९८ अंशांनाच उकळतं, आणि पाकाच्या प्रत्येक टप्प्याचा आकडाही तेवढाच खाली येतो. इंदुरात ११८ वर उतरवलेलं कॅरमल माझ्या कॅरमलपेक्षा कडक होणार. तुमच्याकडे ते ११६ ला उतरवायला हवं. थर्मामीटर आणलाच तर दादाने आधी तो उकळत्या पाण्यात धरून पाहावा, म्हणजे तुमच्या घरी आणि त्या थर्मामीटरवर किती वजा करायचं ते नेमकं कळेल.

पण तुला त्याची गरज नाही. तिळाच्या लाडवांसाठी गुळाचा पाक करताना तू शेजारी गार पाण्याची वाटी ठेवतेस, त्यात थेंब सोडून बोटांनी गोळी वळतेस. इकडचे मिठाई करणारे जुने लोकही हेच करत आणि अजून करतात. आकडा गावागणिक बदलतो, वाटी नाही. पाकात किती पाणी उरलंय तेच ती थेट सांगते, मग घर समुद्राकाठी असो की माळव्याच्या पठारावर. म्हणून माझा विश्वास थर्मामीटरपेक्षा तुझ्या बोटांवर जास्त आहे, आणि हे मी प्रेमापोटी म्हणत नाही, ते तसंच आहे.

खूण अशी: थेंब पाण्यात टाकला की पसरता कामा नये. बोटांनी गोळी वळता यावी, पाण्याबाहेर काढल्यावर ती आपला आकार धरून राहावी, आणि दाबली तर मात्र दबावी. दबत नसेल, वाटीवर टाकल्यावर टणकन वाजली, तर तो चिक्कीचा पाक झाला, आपल्याला त्याच्या बराच आधी थांबायचंय. परीक्षा पाहताना पातेलं आचेवरून बाजूला घे, नाहीतर तू गोळी वळेपर्यंत पाक पुढे जातो. आणि हो, हा पाक हातावर उडला तर चिकटून बसतो, पाण्यासारखा ओघळून जात नाही. गार पाण्याचं पातेलं जवळ असू दे.

उतरवल्यावर मीठ आणि हवा तर थोडा व्हॅनिला घाल. चार-पाच मिनिटं थांबून, लोण्याचा हात लावलेल्या बटर पेपरवर मांडलेल्या सुक्यामेव्यावर चमच्याने सोड. घाईने सोडलं तर ते पसरून पातळ होतं.

चॉकलेटचं काम वहिनीने करावं. पाकाच्या बाबतीत तुमचा हात बसलेला आहे, पण चॉकलेट वेगळ्या स्वभावाचं आहे. त्याला उष्णता थोडी आणि पाणी अजिबात नको. एक थेंब पडला, वाफ लागली, तरी ते घट्ट होऊन बसतं. भांडी, चमचे, हात, सगळं कोरडं ठक्क.

बाजारात दोन प्रकार मिळतात. कंपाउंडमध्ये कोको बटरच्या जागी दुसरी वनस्पतीजन्य चरबी असते. ते वितळवायचं, बुडवायचं, आपोआप सुकतं. पहिल्या वर्षी तेच घ्यायला हरकत नाही. पण वेष्टनावर कोको बटर लिहिलेलं खरं चॉकलेट घेतलंत तर चवीत मोठा फरक पडतो, आणि घरच्यांसाठी तरी तेच करा असं माझं म्हणणं आहे. कोको बटरचे स्फटिक सहा तऱ्हांनी जमतात. त्यातली एकच तऱ्हा आपल्याला हवी असते, जिच्यात चॉकलेट चकाकतं, कट्‌कन तुटतं आणि बोटांना लागत नाही. म्हणून ४०० ग्रॅम डार्क चॉकलेट बारीक चिरून तिसरा हिस्सा बाजूला ठेवा. बाकीचं गरम पाण्यावरच्या भांड्यात ४५ ते ५० अंशांपर्यंत वितळवा, खाली उतरवा, बाजूचं चॉकलेट थोडं थोडं घालून ढवळत ३१-३२ पर्यंत आणा. त्या घातलेल्या तुकड्यांत योग्य स्फटिक आधीच असतात, बाकीचे त्यांच्या वळणाने जमतात. इथे दादाचा थर्मामीटर खुशाल वापरा. नसेल तर थेंबभर चॉकलेट खालच्या ओठाला लावून पाहा, अंगापेक्षा थंड वाटलं पाहिजे. सुरीच्या टोकावर लावलेलं चार-पाच मिनिटांत चकाकी धरून सुकलं की बुडवायला घ्या. गार झालेलं कासव काट्यावर धरून बुडवायचं, जास्तीचं निथळू द्यायचं आणि बटर पेपरवर ठेवायचं.

फ्रिजमध्ये घालू नका. बाहेर काढल्यावर त्यावर दव धरतं आणि पांढरे डाग पडतात. इंदूरची जानेवारीची कोरडी थंडी या कामाला इतकी सोयीची आहे की मला इथे बसून हेवा वाटतो. ह्यूस्टनला आखातावरून दमट हवा येते आणि कॅरमल हवेतलं पाणी ओढून घेतं, त्यामुळे इथे एसी लावून काम करावं लागतं. याच कारणाने राखीला हा घाट घालू नका, पावसाळ्यात बटर पेपरसुद्धा सुटणार नाही. घट्ट झाकणाच्या डब्यात दोन आठवडे सहज टिकतात, तेव्हा संक्रांतीच्या आधी दोन दिवस केलेत तरी पुढच्या दहा-बारा दिवसांतल्या हळदीकुंकवांना थोडी ठेवता येतील. एका पुडीत एक कासव आणि एक तिळाचा लाडू ठेवा. लाडू वगळून नुसती चॉकलेटं वाटू नका, वहिनी, हे माझं मागणंच समज.

बाबा, तुमच्या कवळीचा विचार केलाय. आईने परीक्षेची गोळी नुसती मऊसर होऊ लागली, पाण्याबाहेर काढल्यावर सैल पडते आहे, त्या वेळीच चार चमचे पाक काढून घ्यावा. ते कॅरमल दातांना ओढत नाही. त्यात आख्खा काजू न घालता भाजून केलेलं भरड कूट घाला.

आई, तुझ्याकडून मला एक हवंय. आत्या चिकीचा गूळ पाठवते त्याचा पाक तू साध्या गुळाच्या पाकापेक्षा आधी उतरवतेस की नंतर, आणि तूप कधी घालतेस, ते वहिनीला सांगून लिहून पाठव. इथल्या मराठी मंडळात लाडवांचं काम मी घेतलंय.

सर्वांना नमस्कार, छोटीला पापा.

तुमची लेक

ता. क. बुडवून उरलेलं चॉकलेट टाकू नका. बिया काढलेल्या खजुरात भाजलेला बदाम भरून त्यात बुडवा, दादाला ते कासवांपेक्षाही आवडेल.