शिस्तीच्या कौतुकात रताळी कुठं गेली?

संपादक महोदय,

ऑगस्ट आला की राखेतून उभा राहिलेला जपान हा लेख कुठं ना कुठं येतोच, मग व्हॉट्सॲपवर त्याचेच तुकडे फिरतात, शिस्त, देशप्रेम, सोनी, टोयोटा. यात साधी घरं कुठं दिसतच नाहीत हो.

मार्च १९४५ मध्ये एका रात्रीच्या बॉम्बफेकीत टोकियोत लाखभर माणसं गेली, वाचलेली कित्येक कुटुंबं पत्र्याच्या खोपटात राहिली. युद्ध संपलं तरी रेशनवर पोट भरेना आणि तेही वेळेवर मिळायचं नाही. मग बायका पेटीतला चांगला किमोनो काढायच्या, पाठीला पिशवी बांधून खचाखच भरलेल्या ट्रेननं चिबा, सायतामाकडच्या खेड्यात जायच्या, शेतकऱ्याला किमोनो देऊन रताळी नाहीतर तांदूळ आणायच्या. परत येताना स्टेशनवर पोलिसांची धाड पडली की माल जप्त, म्हणजे किमोनोही गेला आणि रताळीही गेली. कायद्यानं हा गुन्हाच होता ना! आणि ज्यानं कायदा तंतोतंत पाळला त्याचं काय झालं, तर यामागुची नावाचे टोकियोचे एक न्यायाधीश, काळ्या बाजाराचे खटले त्यांच्यापुढेच चालायचे म्हणून स्वतः फक्त रेशनवर राहिले, त्यातलंही बरंचसं पोरांच्या ताटात, १९४७ ला उपासमारीनं वारले, वय अवघं ३३. शिस्तीचे फॉरवर्ड पाठवणाऱ्यांनी जरा दमानं घ्यावं.

घरातली माणसं बेपत्ता होती ते वेगळंच. रेडिओवर ताटातूट झालेल्यांची नावं वाचायचे, १९४६ ला सुरू झालेला तो कार्यक्रम १९६२ पर्यंत चालला, यावरून काय ते समजा. कारखान्यांना बरे दिवस आले ते १९५० ला कोरियात युद्ध पेटून अमेरिकेच्या ऑर्डरी आल्यावर, हेही कुणी फारसं सांगत नाही.

मला सगळ्यात जास्त खटकतं ते पुढचं. लष्करी पेन्शन १९५३ ला परत सुरू झालं, पण बॉम्बफेकीत आईबाप, हातपाय गमावलेल्या साध्या टोकियोकरांना सरकारनं भरपाई दिलीच नाही. त्यातले काही जण २००७ ला कोर्टात गेले, तेव्हा म्हातारे झाले होते, खालपासून वरपर्यंत हरले, २०१३ ला सुप्रीम कोर्टानंही त्यांचं अपील फेटाळलं. या खटल्यावर आपल्या पेपरात कुणाकडून तरी सविस्तर लिहून घ्या, एवढीच विनंती.

एक वाचक, नाशिक