तेराव्यानंतर जा

देवगड

चि. बाळास अनेक आशीर्वाद,

मित्राच्या भावाने आत्महत्या केली, त्याच्या घरी जाऊन काय बोलू, असं विचारलंस. बोलायचं थोडंच आहे रे, काम पुष्कळ आहे. म्हणून लिहितो.

बाराव्या-तेराव्याला ओटी माणसांनी भरलेली असते. तेव्हा नुसतं तोंड दाखव, खरी रजा पुढच्या महिन्यासाठी ठेव. पाहुणे पांगले की घर खायला उठतं. ‘का केलं?’ हे तू विचारायचं नाही. त्या घरात तेच रात्रंदिवस चाललंय. आईला वाटतं, सकाळी मी ओरडले. बापाला वाटतं, कर्जाचं मी बोललो. कारण असं एकच नसतं. आजार, पैसा, दारू, घरातला ताण, कोणाला न सांगितलेलं नैराश्य, सगळं एकात एक गुंतलेलं असतं. 2022 मध्ये देशात अशा 1,70,924 मृत्यूंची नोंद झाली, त्यातले 22,746 आपल्या महाराष्ट्रातले. तरी प्रत्येक घराला वाटतं, हे फक्त आपल्याच दारात आलं. तिथे त्याचं नाव घेऊन बोल, टाळू नकोस.

घरी पोलीस आले म्हणून गाव कुजबुजतंय. अशा मृत्यूची अकस्मात मृत्यू म्हणून नोंद, पंचनामा, शवविच्छेदन हे होतंच. पूर्वी ते फौजदारी प्रक्रिया संहितेच्या कलम 174 खाली व्हायचं, 1 जुलै 2024 पासून भारतीय नागरिक सुरक्षा संहितेच्या कलम 194 खाली. घरच्यांवर संशय आहे असा त्याचा अर्थ नाही. तपासासाठी मोबाईल नेला असेल तर पंचनाम्याची नक्कल मागायला लाव, आणि तो परत मिळावा म्हणून अर्ज तूच लिहून दे. त्याचे फोटो त्यातच असणार.

मृत्यूची नोंद 21 दिवसांत ग्रामपंचायतीत व्हायला हवी. दाखल्याच्या पाच-सहा प्रती काढा. बँक, विमा, सातबाऱ्यावरची वारस नोंद, सगळीकडे लागतात. आता पैशाचं. ‘आत्महत्या असली की विमा बुडाला’ असं कोणीतरी सांगणारच. आयुर्विम्यात ती अट पॉलिसी सुरू झाल्यापासून किंवा बंद पडून पुन्हा चालू केल्यापासून पहिल्या 12 महिन्यांपुरती असते, पुढे वारसाला रक्कम मिळते. पासबुकात दरवर्षी 436 रुपये कापलेले दिसले तर ती सरकारची जीवनज्योती विमा योजना. तिच्यात कुठल्याही कारणाने झालेल्या मृत्यूला 2 लाख मिळतात, फक्त विमा घेतल्यापासूनचे पहिले 30 दिवस सोडून. 20 रुपयेवाली सुरक्षा योजना अपघाताची, तिच्यातून यात काही मिळत नाही. पासबुक तू स्वतः वाच, त्या माउलीला आता अक्षरं दिसत नसतील.

गेलेल्या भावाच्या पोरीला ‘बाबा मुंबईला गेले’ असं सांगितलंय म्हणे. हे फार वाईट. गणपतीला चाकरमान्यांच्या गाड्या यायला लागल्या की ती पोर प्रत्येक गाडीकडे बघत बसेल, आणि खरं शेवटी शाळेत कोणाच्या तरी तोंडून कळेल. सांगायचं एवढंच: बाबांचं मन फार आजारी होतं, त्यात ते वारले, ते परत येणार नाहीत, तुझ्यामुळे काही झालं नाही. हे तिच्या आईने सांगावं, तू बाजूला बस. पोर तेच तेच विचारेल, तेच उत्तर द्या.

तुझ्या मित्राला सगळे ‘आईला सांभाळ’ म्हणतात, त्याला कसं आहे हे कोणी विचारत नाही. झोप उडाली असेल, जेवत नसेल, ‘मीही गेलो तर बरं’ असं म्हणाला असेल, तर सरळ विचार: मनात मरायचे विचार येतात का? विचारल्याने ते डोक्यात शिरत नाहीत, उलट बोलायला वाट मिळते. हो म्हणाला तर त्याला एकटा सोडू नकोस. आंब्याच्या कलमांच्या फवारणीची औषधं घरातून हलव, शेजाऱ्याकडे कुलपात ठेव. 14416 हा टेलिमानसचा, म्हणजे सरकारच्या मानसिक आरोग्य मदतवाहिनीचा, फोन फुकट आहे, चोवीस तास, मराठीत बोलतात. तू त्याच्याशेजारी बसून लाव. तेवढंही थांबता येणार नाही असं वाटलं तर 112 ला फोन कर.

आणि शांतीसाठी कोणी हजारोंचा विधी सांगेल. घरच्यांची श्रद्धा असेल तर करोत, पण कर्ज काढून नको, एवढं बापाला हळूच सांग.

येताना पेढे-बिढे नकोत. पोरीला रंगखडू आण. कणकवलीला उतरलास की फोन कर, न्यायला येतो.

तुझे
बाबा