नागपूरच्या खामल्यातल्या काकांना, मनापासून धन्यवाद

आदरणीय काका,
सप्रेम नमस्कार.

तुम्हाला समोर बसून थँक यू म्हटलं की तुम्ही "त्यात काय एवढं" म्हणता आणि काकूंना चहा टाकायला सांगता, म्हणून आता हे सगळ्यांसमोर लिहूनच टाकतेय. नाव लिहीत नाही, ते तुम्हाला चालणार नाही हे माहीत आहे, पण खामल्यात ज्यांना कळायचं त्यांना बरोब्बर कळेल.

मी बी.ए.च्या पोरांना आंतरराष्ट्रीय संबंध शिकवते, तासिका तत्त्वावर. एप्रिल २०२५ मध्ये पहलगाम झालं, भारताने पाकिस्तानी हाय कमिशनमधल्या संरक्षण सल्लागारांना पर्सोना नॉन ग्राटा, म्हणजे नकोसे ठरवून देश सोडायला सांगितलं, स्टाफ ५५ वरून ३० वर आणायचं जाहीर झालं, आणि टीव्हीवर तर तुम्हाला माहीतच आहे काय चालू होतं. पोरं मला एकच विचारून राहिली होती, की मॅडम, दोन देशांना भांडायचंच असेल तर मग राजदूत पाहिजे कशाला? आणि ऑगस्ट २०१९ पासून तर दोन्हीकडे पूर्ण दर्जाचा हाय कमिशनरच (म्हणजे राजदूतच) नाही, प्रभारीच काम पाहतात, मग अडलं काय? पुस्तकातलं उत्तर माझ्याजवळ होतं. १९६१ चा व्हिएन्ना करार, कलम ९, यजमान देश कारण न सांगता कोणत्याही डिप्लोमॅटला परत पाठवू शकतो, वगैरे. पण तो माणूस सकाळी ऑफिसात येऊन नेमकं करतो काय, हे मला सांगता येत नव्हतं आणि पोरांना नेमकं तेच पाहिजे होतं.

तुम्ही परराष्ट्र खात्यात स्टेनो म्हणून लागले आणि नोकरीची बहुतेक वर्षं वेगवेगळ्या दूतावासांत राजदूतांचे पी.ए. म्हणून काढली, हे आमच्या अख्ख्या गल्लीला माहीत आहे, पण त्याबद्दल तुम्हाला कोणी कधी काही विचारलं नव्हतं. मी आले तेव्हा तुम्ही पहिलीच अट घातली, की कोणत्या साहेबांनी काय लिहिलं ते मी सांगणार नाही, कसं लिहायचे ते सांगतो. काका, रिटायर होऊन इतकी वर्षं झाली तरी तुम्ही ही अट पाळता, याचा मला फार आदर वाटतो. कितीही खोदून विचारलं तरी तुम्ही एक गुपित बाहेर काढलं नाही, आणि तरी शिकवलं सगळं.

नागपूरचा मे महिना, कूलर सुरू, लाइट गेली की आपण दोघं अंगणात, आणि तुमच्या हातात ती लाल रिफिल. तुम्ही मला त्या दिवशीचा पेपर द्यायचे आणि म्हणायचे, समज तू तिथे राजदूत आहेस, दिल्लीला एका पानाची तार लिही. कोण बोललं, काय बोललं, खोलीत आणखी कोण कोण होतं, हे आधी. तुझं मत शेवटी, वेगळ्या परिच्छेदात, आणि ते तुझं मत आहे हे स्पष्ट लिहून. मी लिहिलं की तुम्ही शांतपणे एकेक विशेषण कापत जायचे. "संतप्त प्रतिक्रिया" मधलं संतप्त गेलं, का तर संताप तू पाहिला का? आवाज चढला होता का, फाईल आपटली का, भेट लवकर संपवली का, जे दिसलं ते लिही ना बेटा, वाचणाऱ्याला कळेल संताप होता की नाटक. पानभर मजकुरातून शेवटी सात-आठ ओळी उरायच्या आणि त्याच कामाच्या असायच्या.

आणि मग तुम्ही ते म्हणाले जे मी आता दर वर्गात सांगते. समोरच्या देशाशी बोलणं जमतं हो सगळ्यांना, पण आपल्याच सरकारला जे ऐकायचं नाही ते लिहिताना भल्याभल्यांचा हात अडतो. टेन्शनच्या काळात राजदूताची खरी परीक्षा तिथे होते, आणि करिअरही तिथेच पणाला लागतं.

मी त्यावरून वाचत गेले. सरदार के. एम. पणिक्कर आपले चीनमधले राजदूत होते. १९५० च्या ऑक्टोबरात, २ तारखेची रात्र उलटून ३ लागली असताना चीनचे पंतप्रधान चौ एन-लाय यांनी त्यांना झोपेतून उठवून बोलावून घेतलं आणि सांगितलं, की अमेरिकन फौजांनी कोरियात ३८ वं अक्षांश, म्हणजे उत्तर आणि दक्षिण कोरियामधली रेषा, ओलांडलं तर चीन युद्धात उतरणार. अमेरिकेचा चीनमध्ये दूतावास नव्हता, म्हणून निरोप आपल्यामार्फत. पणिक्करांनी तो लगेच दिल्लीला कळवला, तिथून तो वॉशिंग्टनपर्यंत गेलाही, पण तिथे पणिक्कर म्हणजे कम्युनिस्टांकडे झुकलेला माणूस असा शिक्का आधीच बसला होता, त्यामुळे ती पोकळ धमकी समजली गेली. त्याच महिन्यात चिनी सैन्य यालू नदी ओलांडून कोरियात उतरलं आणि युद्ध १९५३ च्या जुलैपर्यंत चाललं. हे पहिल्यांदा नीट वाचलं तेव्हा मला रात्री झोप आली नाही काका. निरोप खरा होता, वेळेवर होता, योग्य टेबलावर पोचलाही होता, आणि तरी वाया गेला.

(हेच पणिक्कर पुढे राज्य पुनर्रचना आयोगावर होते, ज्या आयोगाने १९५५ मध्ये वेगळ्या विदर्भाची शिफारस केली. आपल्या पोरांना हे सांगितलं की मागच्या बाकावरचेही एकदम सरळ बसतात.)

मग तुम्ही क्यूबा वाचायला लावलं, म्हणजे १९६२ मध्ये सोव्हिएत संघाने क्यूबात क्षेपणास्त्रं ठेवली आणि अमेरिकेशी युद्ध पेटायची वेळ आली ते. लेवेलिन थॉम्प्सन हे १९५७ ते १९६२ मॉस्कोत अमेरिकेचे राजदूत, १९६० मध्ये अमेरिकेचं यू-टू हेर विमान पाडलं गेलं तेव्हाही तिथेच, बर्लिनची भिंत उभी राहिली तेव्हाही तिथेच, आणि सोव्हिएत नेता ख्रुश्चेव्हला इतक्या जवळून पाहिलेला दुसरा अमेरिकन तेव्हा शोधून सापडला नसता. ऑक्टोबर १९६२ मध्ये ते राष्ट्राध्यक्ष केनेडींच्या बैठकीत बसले होते, आणि वाटाघाटींनी क्षेपणास्त्रं निघतील असं वाटत नाही असं केनेडी म्हणाले तेव्हा थॉम्प्सन यांनी तिथल्या तिथे सांगितलं की मला तसं वाटत नाही, ख्रुश्चेव्हला फक्त आपण क्यूबा वाचवला असं घरी सांगता आलं पाहिजे. राष्ट्राध्यक्षाला तोंडावर नाही म्हणणं, तेही जग अणुयुद्धाच्या काठावर असताना! त्यांचं ऐकलं गेलं. पणिक्कर दूर होते आणि परक्या देशाचे होते, थॉम्प्सन आपल्याच माणसांत, त्याच खोलीत होते. हा फरक मी पोरांना फळ्यावर काढून दाखवते.

पण वर्गात सगळ्यात जास्त रंगतो तो दोब्रिनिन. सोव्हिएत राजदूत, १९६२ ते १९८६ वॉशिंग्टनमध्ये, सहा राष्ट्राध्यक्ष पाहिले. त्याच्या स्वतःच्या सरकारने त्याला क्यूबातल्या क्षेपणास्त्रांबद्दल सांगितलंच नव्हतं, आणि तो बिचारा प्रामाणिकपणे नाही म्हणत राहिला. २७ ऑक्टोबरला राष्ट्राध्यक्षांचे भाऊ रॉबर्ट केनेडींशी ती निर्णायक भेट झाली, आणि त्याचा रिपोर्ट मॉस्कोला जायचा कसा, तर आकड्यांच्या कोडमध्ये हाताने लिहून, वेस्टर्न युनियन या तार कंपनीला फोन करून, आणि मग सायकलवर एक पोरगा यायचा आणि तो कागद घेऊन जायचा. रस्त्यात कुठे गप्पा मारत थांबू नये एवढीच प्रार्थना हातात, असं दोब्रिनिनने पुढे आठवणींत सांगितलं. १९६३ च्या जूनमध्ये दोन्ही राजधान्यांमध्ये हॉटलाइनचा, म्हणजे थेट संपर्काच्या लाइनचा करार झाला, तो याच अनुभवातून. तुम्ही हे ऐकून खूप हसले आणि मग एकदम गंभीर होऊन म्हणाले, आमच्याकडेही सगळं त्या पाठवणाऱ्यावरच असायचं. सायफरवाला (निरोप कोडमध्ये घालणारा), पी.ए., ड्रायव्हर, बॅग घेऊन जाणारा. नावं फक्त साहेबांची छापून येतात.

तेव्हापासून मी युक्रेनच्या राजधानीतल्या, क्यीवच्या आपल्या दूतावासाबद्दल शिकवतानाही ते लक्षात ठेवते. फेब्रुवारी २०२२ मध्ये युद्ध सुरू झालं, भारतीयांना परत आणायच्या ऑपरेशन गंगामध्ये साडेबावीस हजारांच्या आसपास भारतीय परत आले, आपल्या विदर्भातलीही पोरं होती त्यात. २ मार्चला दूतावासाने खारकीवच्या पोरांना सांगितलं की संध्याकाळी सहाच्या आत शहर सोडा, गाडी मिळाली नाही तर पायी निघा. इतकी कडक आणि इतकी छोटी सूचना लिहायला आतमध्ये कोणीतरी किती विशेषणं कापली असतील, हा विचार तुमच्यामुळेच डोक्यात येतो.

जुलैमध्ये तुम्ही वर्गात आले, पांढरा शर्ट इस्त्री करून, आणि पोरांना तोच एका पानाचा तार लिहायचा सराव दिला. त्यातली एक मुलगी आता परीक्षेच्या तयारीला लागली आहे, फॉरेन सर्व्हिसच पाहिजे म्हणते. घरचे तयार नव्हते, तुम्ही तिच्या बाबांशी फोनवर बोलले हे तिने मला नंतर सांगितलं. मला तर तुम्ही पत्ताही लागू दिला नव्हता.

काका, नवीन बॅच सुरू होतेय. तुमचे गुडघे दुखतात, त्यामुळे जिने चढायचे नाहीत, वर्ग खालच्या मजल्यावरच घ्यायचं मी बोलून ठेवलंय. दुपारी ऊन असतं, सकाळची वेळ ठेवू. गाडी घेऊन मीच येईन, आणि या वेळी लाल रिफिलचा डबा मी आणते, तुम्ही फक्त वार सांगा.

काकूंना नमस्कार.

तुमची,
प्रतापनगरची मॅडम