हुडीवाला हॅकर आमच्या फिल्ममध्ये नाही

गंगापूर रोड, नाशिक

प्रिय मिल्या,

उत्तराला उशीर झाला, कारण मी सिनेमात शिरलोय! हस लेका. दादासाहेब फाळक्यांच्या जिल्ह्यात राहून एवढं तरी व्हायलाच हवं.

इथली काही पोरं 'डिजिटल अरेस्ट'वर डॉक्युमेंट्री करतायत. मला बोलावलं ते सायबर सिक्युरिटीवाला म्हणून, कॅमेऱ्यासमोर चार वाक्यं बोलायला. दिग्दर्शकाला हवा होता अंधारातला हुडीवाला, मागे स्क्रीनवर पडणारी हिरवी अक्षरं. म्हटलं, बाळा, यात हॅकिंग आहेच कुठे? खोटा पोलीस व्हिडिओ कॉलवर येतो, तुमच्या पार्सलमध्ये ड्रग्ज सापडलंय म्हणतो आणि फोन ठेवू देत नाही, घरच्यांशी बोलू देत नाही. सगळी करामत तेवढीच. मुळात कायद्यात असली अटकच नाही. पैसे मात्र भाड्याच्या खात्यांतून भराभर पुढे सरकतात, म्हणून १९३० या सायबर फसवणुकीच्या हेल्पलाइनला लगेच फोन गेला तरच काही हाती लागतं. हे दाखवा. त्याला पटलं, जरा हिरमुसून.

खरं काम वेगळंच निघालं. एक निवृत्त शिक्षिका (कुठल्या, ते तुलाही सांगत नाही) बोलायला तयार झाल्या. अट एकच, घरच्यांनाही कळता कामा नये. कॉलवरच्या खोट्या पोलिसाची कॅमेरा बंद करायचा नाही अशी तंबी होती, म्हणून बाईंनी पूजेच्या वेळी मोबाइल समईला टेकवून देव्हाऱ्यासमोर उभा केला होता. हे सांगताना त्या पदराचं टोक नुसतं गुंडाळत होत्या.

पोरांनी चेहरा ब्लर केला आणि झालं म्हणाली. मी फुटेज बघतो तर मागच्या भिंतीवर शाळेने दिलेलं मानपत्र, नावासकट! खिडकीतून सोसायटीची पाटी. फोटोंच्या फाइलींत लोकेशन जसंच्या तसं. आवाज जाड केलेला, पण नुसता पिच बदललेला आवाज परत मूळपदावर आणता येतो. आणि कच्चं फुटेज ग्रुपवर फिरतंय. कपाळाला हात लावला. आता ते एन्क्रिप्ट केलेल्या, म्हणजे पासवर्डशिवाय वाचताच न येणाऱ्या, दोन हार्डडिस्कवर असतं, एक माझ्या कपाटात. खऱ्या नावाचं संमतीपत्र तिसरीकडेच. पोरं मला 'सासूबाई' म्हणतात. म्हणू देत. २०१४ च्या 'सिटिझनफोर' या डॉक्युमेंट्रीच्या वेळी अमेरिकी सरकारची गुप्त पाळत उघड करणारा स्नोडेन आणि दिग्दर्शिका लॉरा पॉइट्रस यांचं भेटीआधीचं बोलणं एन्क्रिप्टेड मेलवर चालायचं, आणि फिल्मच्या शेवटी टॉर, टेल्स अशा ओळख लपवणाऱ्या सॉफ्टवेअरचे आभारही आहेत. आमचा मामला त्यापुढे किरकोळ, पण बाईंना तेवढाच मोठा.

आवाजाचं कोडं सुटेना. मग इराणच्या अणुप्रकल्पावर सोडलेल्या स्टक्सनेट या व्हायरसवरची डॉक्युमेंट्री 'झीरो डेज' आठवली, २०१६ ची. त्यात एनएसए, सीआयए या अमेरिकी गुप्तचर संस्थांमधल्या अनेकांचं म्हणणं एका नटीच्या तोंडी घातलंय आणि शेवटी तसं उघड सांगितलंय. आम्हीही तेच ठरवलं. बाईंचे शब्द दुसऱ्या कुणी बोलायचे, आणि पडद्यावर तसं स्पष्ट लिहायचं.

आता तुझ्याकडे काम. वहिनी राज्य नाट्यस्पर्धेत कामं करायच्या ना? साठीतली, शिस्तीची, बोलताना मध्येच थांबणारी मास्तरीण त्यांना जमेल. रडका सूर अजिबात नको, बाई एकदाही रडल्या नाहीत. विचारून ठेव. मजकूर मोबाइलवर पाठवणार नाही. शनिवारी पुण्याला येतोय, घेऊनच येतो. जेवायला थांबेन.

तुझा,
अव्या