स्वयंपाक्याला अर्धं पान, वाघवालीला तीन ओळी

संपादक महाशय,
स.न.वि.वि.

कालच्या रविवार पुरवणीतला रशियन सर्कशीतल्या वाघवाल्या मार्गारीटा नाझारोवावरचा लेख दोनदा वाचला, कारण पहिल्यांदा वाटलं मधलं एखादं पान आपल्या अंकात आलंच नाही की काय. लेख बाईंवर, फोटो बाईंचा, आणि अर्धा मजकूर त्यांच्या पिक्चरमधला नट लिओनोव्ह याच्या शूटिंगमधल्या आंघोळीवर! टबात बसलेला, वाघ आणि त्याच्या मधली काच काढल्याचं त्याला सांगितलंच नाही, वाघ आला आणि गडी उघडाच पळाला. किस्सा झकास आहे, मान्य. पण तो वाघ आणला कुणी, सांभाळला कुणी, लिओनोव्ह जिवंत राहिला तो कुणाच्या जिवावर?

आणि गंमत बघा, १९६१च्या त्या पिक्चरची गोष्टच ही आहे. जहाजावर वाघांचे पिंजरे, माकड ते उघडतं, लिओनोव्ह म्हणजे वाघ सांभाळणारा असल्याची थाप मारून फुकट आलेला स्वयंपाकी, आणि सर्कशीत खरोखर वाघ खेळवणारी नाझारोवा मात्र जहाजावरची कॅन्टीनवाली. पिक्चरमध्ये निदान शेवटी कळतं तरी की वाघ कुणाचं ऐकतात, तुमच्या लेखकाला ते शेवटपर्यंत कळलेलं दिसत नाही. त्याआधी १९५४च्या एका पिक्चरमध्ये वाघांसमोर हिरॉइन कासाटकिनाच्या जागी हीच बाई उभी होती, त्याला तुम्ही किती जागा दिली? अर्धी ओळ. 'सुरुवातीला डमी म्हणून काम केले.' बास.

ही अर्धी ओळ मला का झोंबली ते सांगतो. माझा मामा सर्कशीत पिंजऱ्यांवर होता. रिंगमास्टर नव्हे, पाणी मारणं, मांस टाकणं, घाण काढणं ही कामं. एकदा शूटिंगवाल्यांनी सर्कशीतला वाघ भाड्याने घेतला, हिरोने वाघाच्या गळ्यात हात टाकायचा असा सीन होता. हिरो काही वाघाजवळ जाईना, त्यात अंगाला सेंट फासून आलेला, वाघ आधीच बिथरलेला. मग अंगकाठी जुळते म्हणून मामाला उभं केलं. पण नवा कोरा शर्ट घालून गेलं तर वाघ ओळखायचा नाही, म्हणून मामा तो शर्ट घालून दोन दिवस पिंजऱ्यांची कामं करत होता, रात्री तोच घालून पिंजऱ्याशेजारी झोपला. सीन एका झटक्यात ओके. मग क्लोजअपसाठी हिरोला तोच शर्ट दिला तर मुताचा वास येतो म्हणून त्याने फेकून दिला, बाजारातून दुसरा आणला, आणि तो दुसरा जरा फिका निघाला. आमच्या तंबू टॉकीजमध्ये मामाने अख्ख्या घराला पुढच्या रांगेत बसवून तो पिक्चर दाखवला. वाघ आला की उठून ओरडायचा, "गडद शर्ट मी, फिका शर्ट तो!" मागचे लोक म्हणायचे ए बस खाली. मामी लाजून पदर तोंडावर घ्यायची. पाट्यांमध्ये मामाचं नाव नव्हतं, वाघाचंही नव्हतं, सेंटवाल्याचं मात्र एवढं मोठं.

आता कुणीतरी पत्र लिहील की वाघांचे हाल करणाऱ्यांचं कौतुक कशाला. आपल्याकडे १९९८मध्ये सर्कशीतले वाघ-सिंह बंद झाले ते चांगलंच झालं, मामासुद्धा म्हणायचा की त्या पिंजऱ्यात वाघाला धड वळता येत नाही. पण म्हणून माणसाने केलेलं काम पुसून टाकायचं का? नाझारोवाबाई २००५ साली रशियातल्या निझ्नी नोव्हगोरोदला वारल्या, शेवटची वर्षं दार लावून एकट्या राहिल्या, हे तुम्ही चौकटीत छापलंत, रडायला बरं पडतं म्हणून. आणि रशियापर्यंत गेलाच होता तर पुण्याचे दामू धोत्रे आठवले नाहीत? अमेरिकेत रिंगलिंग सर्कशीत वाघ-बिबटे खेळवून आलेला माणूस, १९७३मध्ये पुण्यातच वारला, तुमच्या ऑफिसातून रिक्षाने जाण्यासारखं अंतर आहे.

जाता जाता, माझं मागचं पत्र (एसटी स्टँडच्या मुतारीबद्दलचं) तुम्ही असं कापलंत की मीच मुतारी बंद करा म्हणतोय असा अर्थ निघाला, चार जणांनी फोन करून झापलं. हे कापायचं असेल तर छापू नका. आणि फोटोखाली 'अभिनेत्री वाघासह' असं लिहिलंय, बाईंच्या त्या लाडक्या वाघाचं नाव पुर्श होतं.

आपला जुना वाचक,
मिरज