मोठ्या संख्यांची वजाबाकी नेमकी कुठे अडते?

मा. संपादक,
स. न. वि. वि.

मोठ्या संख्यांची शाब्दिक उदाहरणे मुलांना सुटत नाहीत, वजाबाकी कच्ची आहे, अशी पालकांची नेहमीची तक्रार असते. पाचवी-सहावीला बरीच वर्षे गणित शिकवल्यावर हे निदान मला पटत नाही. एकाखाली एक मांडून दिलेली वजाबाकी तीच मुले न चुकता करतात. ती अडतात त्याआधी, कशातून काय वजा करायचे हे ठरवताना.

मी वर्गात देत असे ते एक उदाहरण पाहा. 'मागील वर्षी संस्थेचा खर्च ३६,४५,००० रुपये झाला. तो यंदाच्या खर्चापेक्षा ४,८०,००० रुपयांनी कमी होता. यंदाचा खर्च किती?' 'कमी' आले की वजाबाकी आणि 'एकूण' आले की बेरीज, असे शिकवलेले मूल लगेच ३१,६५,००० लिहून मोकळे होते. म्हणजे यंदाचा खर्च मागच्यापेक्षा घटला! उदाहरणात तर नेमके उलट सांगितले आहे. येथे बेरीज हवी, उत्तर ४१,२५,०००. खुणेचे शब्द पाठ करून घेणे ताबडतोब थांबवावे, असे माझे स्पष्ट मत आहे. त्याऐवजी मुलाला एवढेच विचारावे: कोणत्या वर्षी जास्त खर्च झाला?

तुटीच्या उदाहरणातही हेच होते. उत्पन्न ६२,३०,००० आणि खर्च ७०,०५,०००. उत्पन्न आधी लिहिलेले असते म्हणून मुले तेच वर मांडतात आणि खालची संख्या मोठी निघाली की गोंधळतात. तूट ७,७५,००० आहे, आणि ती खर्चातून उत्पन्न वजा करूनच मिळते. अंदाजपत्रकात वजाबाकी तीन रूपांत भेटते: किती उरले, किती फरक पडला, अजून किती लागतील. कृती एकच असली तरी तिन्ही प्रश्न वेगळे आहेत आणि ते वेगवेगळे शिकवावे लागतात.

आता हातच्याकडे येते, कारण शून्यांची रांग आली की चांगली मुलेही डगमगतात. तरतूद ५०,००,००० रुपयांची. पहिल्या सहामाहीत १८,७६,४५० खर्च झाले, त्यानंतर आणखी १२,०९,८७५. शिल्लक किती? दुसरी रक्कम ऐकून लिहिताना दशहजारचे शून्य गळते आणि बारा लाखांचे एक लाख एकोणतीस हजार होतात, म्हणून ती आधी मोठ्याने वाचून घ्यावी. मग अंदाज: सुमारे १९ आणि १२ मिळून ३१ लाख गेले, १९ लाखांच्या आसपास उरायला हवेत. दोन्ही खर्चांची बेरीज ३०,८६,३२५. ती ५०,००,००० मधून वजा करताना सहा शून्यांवरून हातचा ओढत आणण्याऐवजी वरच्या संख्येतला एक बाजूला ठेवावा. ४९,९९,९९९ मधून ३०,८६,३२५ गेले की हातच्याशिवाय १९,१३,६७४ उरतात. बाजूचा एक मिळवला की १९,१३,६७५. ही युक्ती म्हणून पाठ करून घेऊ नये. एक का मिळवायचा, हे मुलाने आपल्या शब्दांत सांगितले पाहिजे.

याच उदाहरणाचे २०,८६,३२५ असेही उत्तर येते. प्रत्येक स्थानी मोठ्या अंकातून लहान अंक वजा केला की हेच मिळते. जॉन सीली ब्राऊन आणि रिचर्ड बर्टन या संशोधकांनी १९७८ मध्ये दाखवून दिले होते की वजाबाकीतल्या अशा अनेक चुका धांदरटपणातून होत नाहीत. मूल एक चुकीचा नियम अगदी काटेकोरपणे पाळत असते. त्याला 'नीट लक्ष दे' म्हणून रागावणे अन्यायाचे आहे. त्याच्याकडून ताळा करून घ्यावा: २०,८६,३२५ आणि ३०,८६,३२५ मिळून ५१,७२,६५० होतात, तरतुदीपेक्षाही जास्त. चूक कोणी दाखवून द्यावी लागत नाही.

आता आपल्याला विनंती. वृत्तपत्रांत 'तरतूद १.२ कोटी, खर्च ८७ लाख ४० हजार' अशा बातम्या सर्रास येतात. एकाच वाक्यात दोन एकके! मुलेच काय, मोठी माणसेही येथे थबकतात. १,२०,००,००० आणि ८७,४०,००० असे एकाखाली एक छापले तर ३२,६०,००० खर्च व्हायचे राहिले हे कोणीही काढील. मोठ्या अर्थसंकल्पांत पूर्ण संख्या छापणे अवघड आहे हे मला समजते. तेथे निदान तरतूद आणि खर्च दोन्ही कोटींत, किंवा दोन्ही लाखांत द्यावेत. 'सुधारित अंदाज' (वर्ष चालू असताना दुरुस्त केलेला अंदाज) आणि 'प्रत्यक्ष खर्च' यांतला भेदही लिहावा. नाहीतर वाचक वजाबाकी बरोबर करूनही चुकीच्या दोन संख्यांची करतो.

मुलांच्या पानावर उदाहरणे देता तेव्हा त्यांत एखादी नको असलेली संख्याही घालावी, कर्मचाऱ्यांची संख्या किंवा स्थापनेचे वर्ष. कोणती संख्या सोडून द्यायची हे मुलांना अजिबात विचारले जात नाही, आणि खऱ्या हिशेबात ते पहिल्यांदा ठरवावे लागते. उत्तरे छापताना शेवटची संख्या एकटी देऊ नये. शेजारी अंदाज आणि ताळाही द्यावा.

कळावे,
आपली नम्र,
एक निवृत्त गणित शिक्षिका