खोल पाण्यासाठी सरकता तरंगा

महोदय,

गळाच्या मासेमारीवरील आपल्या लेखात फक्त पक्क्या बांधलेल्या तरंग्याचेच (आमिष ठरावीक खोलीवर टांगून ठेवणाऱ्या, पाण्यावर तरंगणाऱ्या तुकड्याचे) वर्णन होते, म्हणून हे पत्र. पाण्याची खोली काठीच्या लांबीहून जास्त असली की तसा तरंगा लावून गळ फेकणे जवळजवळ अशक्य होते. अशा वेळी तरंगा दोरीवर मोकळा सरकता ठेवावा, त्याच्या वर बारीक मणी ओवावा आणि गळापासून हव्या त्या खोलीच्या अंतरावर दोरीवर दोऱ्याची अडगाठ, म्हणजे मणी व तरंगा अडवून धरणारी गाठ, मारावी. ही गाठ काठीच्या कड्यांतून विनासायास गेली पाहिजे. त्यासाठी तिची टोके २ ते ३ सेंटीमीटर लांब सोडावीत, कारण लांब टोके वाकून निसटतात, तर आखूड टोके अडकतात. शिसे लावताना हात आखडू नये, कारण त्याच्याच वजनाने दोरी तरंग्यातून खाली सरकते. सर्वाधिक दुर्लक्ष होते ते पुढच्या गोष्टीकडे: गळ पाण्यात पडताच रीळ बंद करू नये. दोरी सैल सुटत राहिली तरच आमिष सरळ खाली उतरते, अन्यथा तरंगा काठाकडे ओढला जातो. बराच वेळ होऊनही तरंगा आडवाच राहिला, तर शिसे तळाला टेकले आहे असे समजून गाठ गळाच्या दिशेने थोडी सरकवावी.

– एक वाचक